वाद प्रेक्षकांच्या हाती: स्तेलिओ लोरेन्झी यांची टेलिव्हिजनमधली कारकीर्द



फ्रेंच सिनेमा म्हटलं की आपल्याकडे फिल्म सोसायटीत वाढलेल्या माणसाला गोदार आठवतात, त्र्युफो आठवतात. ‘नव्या लाटे’वर मराठीत पुष्कळ लिहून झालं आहे. पण त्याच वर्षांत, त्याच पॅरिस शहरात, काही माणसं टेलिव्हिजनसाठी काम करत होती आणि त्यांचं काम एका संध्याकाळी जितके लोक पाहत, तितके लोक ‘नव्या लाटे’च्या बहुतेक चित्रपटांना वर्षभरातही लाभले नसतील. क्लोद बार्मा, मार्सेल ब्लुवाल, जाँ प्रा, क्लोद सांतेली, आणि स्तेलिओ लोरेन्झी. सिनेमाच्या इतिहासात ही नावं नसतात, कारण हे टेलिव्हिजनवाले. नाटकाच्या इतिहासातही नसतात, आणि त्याचंही कारण तेच. यांतल्या लोरेन्झींविषयी मी आज बोलणार आहे.

त्यांचा जन्म पॅरिसचा, 1921 सालचा. मृत्यू 1990चा. मधल्या काळात त्यांनी ‘क्लिमा’ नावाचा एक चित्रपट काढला, आंद्रे मोर्वा यांच्या कादंबरीवरचा, 1962मध्ये. त्याची फारशी आठवण कोणाला नाही आणि माझ्या मते राहण्याचं कारणही नाही. त्यांचं खरं आयुष्य टेलिव्हिजनमध्ये गेलं, आणि तिथे त्यांनी जो एक आग्रह धरला तो मला आपल्यापुढे मांडायचा आहे. इतिहास पडद्यावर आणायचा तर प्रेक्षकाला केवळ कथा देऊन भागत नाही. त्या कथेवरचा वादही त्याच्या हाती द्यावा लागतो, असा तो आग्रह होता. ऐकायला हे साधं वाटतं. करायला गेलं की काय होतं, ते लोरेन्झींच्या आयुष्यात दिसतं.

आधी ते टेलिव्हिजन कसं होतं ते पाहू. मुंबई दूरदर्शन 2 ऑक्टोबर 1972 रोजी सुरू झालं. पुढची कित्येक वर्षं आपण सगळ्यांनी एकच वाहिनी पाहिली. त्या पिढीतले जे इथे बसले आहेत, त्यांना फ्रान्सची स्थिती समजावून सांगावी लागणार नाही. तिथेही वाहिनी एकच होती, आणि तीही सरकारी. दुसरी आली ती एप्रिल 1964मध्ये. जाहिराती नव्हत्या, ब्रँडच्या जाहिराती 1968च्या ऑक्टोबरपासून सुरू झाल्या. 1950 साली संपूर्ण देशात काही हजार संच होते. 1958च्या अखेरीस ते दहा लाखांच्या घरात पोचले आणि 1965पर्यंत साठ लाखांच्या वर गेले. म्हणजे लोरेन्झी कामाला लागले तेव्हा हे मूठभरांचं खेळणं होतं, आणि दहा-बारा वर्षांत ते राष्ट्राचं दिवाणखान्यातलं चावडीघर झालं.

चावडी हा शब्द मी उगाच वापरत नाही. पॅरिसच्या ईशान्येला एन नावाचा जिल्हा आहे. तिथल्या खेड्यांत 1950च्या दशकाच्या आरंभी ‘टेलिक्लब’ निघाले. शेतकऱ्यांनी वर्गणी काढून शाळेत एक संच आणायचा, सगळ्यांनी मिळून कार्यक्रम पाहायचा आणि मग गुरुजींच्या साक्षीनं त्यावर बोलायचं. जोफ्र द्युमाझदिए या समाजशास्त्रज्ञानं युनेस्कोसाठी या क्लबांचा अभ्यास केला आणि तो 1955मध्ये प्रसिद्ध झाला. युद्धानंतरच्या फ्रान्समध्ये लोकशिक्षणाची एक जबरदस्त चळवळ होती. जर्मनांच्या ताब्यातून सुटलेल्या देशातल्या तरुणांना वाटत होतं की मोलिएर आणि शेक्सपिअर ही फक्त पॅरिसच्या मखमली खुर्च्यांची मालमत्ता राहता कामा नये. ज्याँ व्हिलार यांनी हे काम रंगभूमीवर केलं. लोरेन्झी आणि त्यांच्या सोबत्यांनी ते टेलिव्हिजनवर केलं. आपण ज्या व्याख्यानमालेत आज जमलो आहोत तिची परंपराही याच श्रद्धेतून आली आहे, की ज्ञान तिकीट काढून ऐकण्याची वस्तू नव्हे. म्हणूनच या माणसांविषयी मला इतकी आपुलकी वाटते.

त्यांचं ठिकाण होतं पॅरिसच्या एकोणिसाव्या विभागातला बुत्त-शोमों स्टुडिओ. मूळची ही गोमों कंपनीची वास्तू, मूकपटांच्या काळातली. टेलिव्हिजननं ती घेतली आणि तिथून नाटकं प्रक्षेपित होऊ लागली. ‘प्रक्षेपित’ म्हणजे थेट. ध्वनिचित्रफीत फ्रान्समध्ये आली ती 1960च्या आसपास. त्याआधी जे घडायचं ते त्याच क्षणी लोकांच्या घरात दिसायचं. एकाच मोठ्या दालनात चार-पाच नेपथ्यं शेजारी शेजारी उभी. एका दृश्यातला नट संवाद संपताच केबल ओलांडत पलीकडच्या नेपथ्याकडे धावतो, धावताना कोणीतरी त्याचा अंगरखा बदलतं, आणि तोवर कॅमेरा दुसऱ्या नटाच्या चेहऱ्यावर थांबून वेळ काढतो. दिग्दर्शक वरच्या काचेच्या खोलीत बसलेला. कोणत्या कॅमेऱ्याचं चित्र बाहेर जाणार, हे तो त्या क्षणाला ठरवतो. चुकलं तर पुसण्याची सोय नाही.

या पद्धतीचे परिणाम लोरेन्झींच्या शैलीवर कायमचे उमटले. त्या काळचा पडदा लहान, चित्र काळंपांढरं. रणांगण दाखवायला गेलं तर मुंग्या दिसायच्या. चेहरा मात्र दिसायचा, आणि सिनेमागृहातल्यापेक्षा जवळून. लोरेन्झींनी ते ओळखलं आणि इतिहास चेहऱ्यांत आणून बसवला. युद्धं, मिरवणुका, घोडदळ यांच्या वाटेला न जाता त्यांनी निर्णय घेणारी माणसं दाखवली. बंद खोलीत तीन माणसं बोलत आहेत, आणि त्या बोलण्यातून कोणाचं तरी मुंडकं उडणार आहे. टेलिव्हिजनला इतिहास परवडतो तो असा.

1957मध्ये त्यांची मोठी मालिका सुरू झाली. ‘ला कामेरा एक्सप्लोर ल ताँ’, म्हणजे कॅमेरा काळाचा धांडोळा घेतो आहे. 1966पर्यंत ती चालली. तिच्यामागे तीन माणसं होती. आंद्रे कास्तलो आणि आलँ दको हे दोघे लोकप्रिय इतिहासलेखक, ‘इतिहासाचं व्यासपीठ’ हा रेडिओ कार्यक्रम 1951पासून चालवणारे. तिसरे लोरेन्झी. आता या तिघांची गाठ कशी होती पाहा. कास्तलो मनानं राजघराण्यांचे. मारी आंत्वानेत, नेपोलियन, दरबार, राण्यांची पत्रं यांत रमणारे. दको प्रजासत्ताकाचे, क्रांतीविषयी ममत्व असलेले. पुढे ते फ्रेंच अकादमीचे सदस्य झाले आणि समाजवादी सरकारात मंत्रीही. लोरेन्झी तर उघड डावे, कम्युनिस्टांच्या बाजूचे, आणि दिग्दर्शकांच्या युनियनचे खंदे पुढारी. एका प्रश्नावर तिघांची तीन मतं. दुसरा कोणी असता तर त्यानं समविचारी लेखक शोधले असते. हे तिघं नऊ वर्षं एकत्र लिहीत राहिले, आणि त्यांच्या मतभेदाचाच त्यांनी कार्यक्रम केला. नाटक संपलं की कास्तलो आणि दको स्वतः समोर यायचे. यातला कागदोपत्री पुरावा कशाला आहे, कुठे आम्ही अंदाज बांधला, आणि आमचं दोघांचं कुठे पटत नाही, हे बोलायचे. नाटकानं भारावलेल्या प्रेक्षकाला ते पुन्हा विचारात ढकलायचे.

विषय कोणते घेतले? क्रांतीच्या काळात राजाराणीचं पॅरिसमधून पलायन आणि व्हारेन गावात पकडलं जाणं. टेम्पलर पंथाचा निःपात. तुलूझचं काला प्रकरण. या काला प्रकरणाविषयी थोडं सांगायलाच हवं. जाँ काला हा तुलूझचा कापडाचा व्यापारी, प्रोटेस्टंट पंथाचा. 13 ऑक्टोबर 1761 रोजी त्याचा थोरला मुलगा घरात गळफास लागलेल्या अवस्थेत सापडला. गावात आवई उठली की मुलगा कॅथलिक होणार होता म्हणून बापानंच त्याला मारलं. पुरावा काही नाही. तरी न्यायालयानं बापाला दोषी ठरवलं आणि मार्च 1762मध्ये त्याला चाकावर हाडं मोडून ठार केलं. व्हॉल्टेअरनं हे प्रकरण हाती घेतलं, सहिष्णुतेवरचा आपला प्रसिद्ध ग्रंथ लिहिला, आणि 1765मध्ये मेलेल्या कालाला निर्दोष ठरवावं लागलं. जमावाची आवई न्यायाच्या खुर्चीवर जाऊन बसते तेव्हा काय होतं, ते सांगायला लोरेन्झींना भाषण लिहावं लागलं नाही. खटल्याची कागदपत्रं पुरेशी होती.

आणि मग ऑक्टोबर 1964. ‘ला तेरर ए ला व्हेर्त्यू’, दहशत आणि सदाचार. लागोपाठच्या दोन शनिवारी, फ्रेंच राज्यक्रांतीतल्या दोन नेत्यांवर दोन भाग: पहिला दांतोंचा, दुसरा रोबेस्पिअरचा. माझ्या मते लोरेन्झींच्या साऱ्या कामाचं हे शिखर. रोबेस्पिअरची भूमिका ज्याँ नेग्रोनी यांची. ख्रिस मार्करचा ‘ला जेते’ ज्यांनी पाहिला आहे त्यांनी नेग्रोनींचा आवाज ऐकलेला आहे. त्या लघुपटाचं निवेदन त्यांचंच. रोबेस्पिअरचा साथीदार सें-ज्युस्त झाले होते दनी मान्युएल. फ्रान्सच्या शाळेतल्या पुस्तकांनी आणि सिनेमांनी रोबेस्पिअरला रक्तपिपासू हिशेबनीस करून ठेवलं होतं. लोरेन्झींनी त्याला माणूस केलं. लाच न घेणारा, कोणाचाच मित्र होऊ न शकणारा, प्रजासत्ताक वाचवायचं तर दहशत लागेल असं स्वतःला पटवत नेणारा. एप्रिल 1794मध्ये दांतों गिलोटिनवर गेला, जुलैच्या अखेरीस स्वतः रोबेस्पिअर. या दोन मरणांमधले चार महिने लोरेन्झींनी लोकांच्या घरात आणून ठेवले.

इथे माझं एक मत सांगतो. लोरेन्झींचा कल रोबेस्पिअरकडे होता, आणि तो लपत नाही. जून 1794मधल्या, आरोपीला वकीलही नाकारणाऱ्या त्या प्रेरियालच्या कायद्याचं ओझं माझ्या मते रोबेस्पिअरच्या खात्यात पुरतं टाकायला हवं. कितीही सहानुभूती असली तरी. पण गंमत अशी की मला हा आक्षेप घेता येतो तो त्याच कार्यक्रमाच्या रचनेमुळे. कास्तलोंसारखा दुसऱ्या टोकाचा माणूस त्या कार्यक्रमाच्या आत बसलेला होता. बाहेरून निषेधाचं पत्रक काढायची कोणाला गरज नव्हती.

ऐतिहासिक नाटक, कादंबरी आणि आता मालिका यांचं मराठी माणसाला वेड आहे, आणि त्या वेडाचा मला अभिमानही वाटतो. पण आपल्याकडे नाटक पाहून बाहेर पडणाऱ्याला हे कधी सांगितलं जातं का, की हा प्रसंग बखरीतला आहे, बखर घटनेनंतर शंभर वर्षांनी लिहिलेली आहे, हा दुसरा प्रसंग समकालीन पत्रात सापडतो, आणि हा तिसरा लेखकानं रचला आहे? मालिकेच्या आरंभी तीन सेकंद धावणारी बारीक अक्षरांतली सूचना ही फक्त वकिलाची सोय असते. लोरेन्झींच्या कार्यक्रमात हे सांगणं हाच कार्यक्रमाचा भाग होता, नाटकाइतकाच रंगणारा. राजवाडे, शेजवलकर यांच्यासारख्या साधनांवर प्राण टाकणाऱ्या माणसांच्या प्रदेशात हे अशक्य आहे असं मी मानायला तयार नाही.

आता लोरेन्झींच्या आयुष्यातला कठीण भाग. राष्ट्राध्यक्ष द गॉल यांच्या कारकिर्दीत टेलिव्हिजन सरकारच्या मुठीत होतं. आलँ पेरफित हे माहितीमंत्री; बातम्यांत काय यावं याकडे मंत्रालयाचं रोजचं लक्ष. जून 1964मध्ये ओआरटीएफ ही रेडिओ-टेलिव्हिजनची नवी संस्था स्थापन झाली, नावाला थोडी स्वायत्त. बातम्यांत विरोधकांना जागा नसायची. पण नाटक विभागात, बुत्त-शोमोंच्या त्या दालनांत, डाव्या विचारांची माणसं बरीच मोकळेपणानं काम करत होती. नाटकाकडे सत्तेचं लक्ष उशिरा गेलं. डिसेंबर 1965च्या अध्यक्षीय निवडणुकीत उमेदवारांना पहिल्यांदाच पडद्यावर समान वेळ मिळाला. मितराँ आणि लकान्युए हे प्रतिस्पर्धी लोकांना घरबसल्या दिसले आणि द गॉल यांना पहिल्या फेरीत बहुमत मिळालं नाही. टेलिव्हिजनची ताकद काय आहे, ते त्या महिन्यात सगळ्यांना कळलं.

पुढच्या मार्चमध्ये, 22 आणि 29 तारखेला, लोरेन्झींचं ‘कातार’ दाखवलं गेलं. दक्षिण फ्रान्समधला हा तेराव्या शतकातला पंथ. चर्चच्या वैभवाला नाकारणारा, आणि म्हणून पाखंडी ठरलेला. पोप तिसरे इनोसंट यांनी त्यांच्याविरुद्ध धर्मयुद्ध पुकारलं. 1209मध्ये बेझिए शहरात कत्तल झाली. उत्तरेच्या सरदारांनी दक्षिणेच्या जमिनी बळकावल्या, आणि मागाहून इन्क्विझिशन आलं. मार्च 1244मध्ये मोंसेग्यूरचा डोंगरी किल्ला पडला आणि धर्म सोडायला नकार देणाऱ्या दोनशेहून अधिक स्त्री-पुरुषांना जिवंत जाळलं. पॅरिसच्या शालेय इतिहासात हा देशाच्या एकीकरणाचा एक टप्पा होता. लोरेन्झींनी तो जिंकल्या गेलेल्यांच्या बाजूनं दाखवला, आणि तोही पॅरिसच्याच वाहिनीवरून. दक्षिणेतल्या कित्येक घरांना आपल्या भूमीचा हा इतिहास पहिल्यांदा त्या दोन संध्याकाळी कळला. मोंसेग्यूरकडे माणसांची रीघ लागली, ऑक्सितान भाषेच्या आणि अस्मितेच्या चळवळीला बळ मिळालं. एखाद्या टेलिव्हिजन कार्यक्रमानं एका प्रदेशाची आठवण जागी केल्याची इतकी स्पष्ट उदाहरणं थोडीच आहेत.

तो मालिकेचा शेवटचा कार्यक्रम ठरला. ओआरटीएफच्या वरिष्ठांनी मालिका बंद केली. वृत्तपत्रांत टीका झाली, प्रेक्षकांची पत्रं आली, निर्णय फिरला नाही. लोरेन्झींची मतं आणि त्यांचं युनियनमधलं काम यांची ही किंमत होती, असंच तेव्हा सर्वत्र समजलं गेलं, आणि मलाही दुसरं कारण दिसत नाही. ज्या सरकारी मक्तेदारीनं त्यांना जाहिरातदारांपासून वाचवलं होतं, तिच्याच हातात बंद करण्याचा अधिकारही होता. यातून सुटायची सोपी वाट मला माहीत नाही. बाजाराच्या ताब्यातलं टेलिव्हिजन आपण गेली तीस वर्षं पाहतो आहोत. तिथे ‘कातार’ बंद पडलं नसतं, कारण ते मुळात झालंच नसतं.

मे 1968मध्ये विद्यार्थी आणि कामगार रस्त्यावर आले तेव्हा ओआरटीएफमधल्या लोकांनीही संप केला. जूनमध्ये कलावंत, तंत्रज्ञ आणि त्यांचे पाठीराखे रोज रेडिओ भवनाला फेरी घालत. बायबलमधल्या जेरिको शहराच्या भिंती सात दिवसांच्या प्रदक्षिणेनं कोसळल्या, म्हणून त्या मोर्चाला त्यांनी जेरिकोचं नाव दिलं होतं. इथल्या भिंती कोसळल्या नाहीत. शंभराच्या आसपास पत्रकारांच्या नोकऱ्या गेल्या.

पण त्यानंतरच, 1969च्या शरदात, लोरेन्झींनी आपली सगळ्यात लोकप्रिय कलाकृती दिली: ‘जाकू ल क्रोकाँ’, सहा भागांची. यूजेन ल र्‍वा यांची ही कादंबरी 1899ची. ल र्‍वा करवसुली खात्यातले साधे अधिकारी, पेरिगोर प्रांतातले. त्यांचे आईवडील एका सरंजामदाराच्या गढीवर नोकरीला होते. कथा सुरू होते 1815च्या नाताळात. नेपोलियन गेला आहे, जुने उमराव परतले आहेत. जाकूचा बाप नान्साक नावाच्या काउंटची जमीन अर्धेलीनं कसतो. कारभाऱ्याचा छळ सोसवेना तेव्हा तो त्याला गोळी घालतो, सक्तमजुरीला जातो आणि तिथेच मरतो. विधवा आई लहानग्या जाकूकडून सुडाची शपथ घेते आणि तीही दारिद्र्यात संपते. गावचा पाद्री मुलाला वाढवतो, शिकवतो. मोठा झालेला जाकू रानातल्या शेतकऱ्यांना गोळा करतो आणि एर्मची गढी पेटवून देतो. खटला उभा राहतो, पण तेवढ्यात जुलै 1830ची क्रांती होते आणि पंच त्याला सोडून देतात.

लोरेन्झी स्टुडिओ सोडून पेरिगोरच्या मातीत गेले. बारा वर्षं बंद खोल्यांत इतिहास रंगवलेला हा माणूस आता धुकं, चिखल, चेस्टनटची झाडं आणि चुलीपुढचा अंधार यांत शिरला. चेहऱ्यावरची श्रद्धा मात्र सुटली नाही. एरिक दामँ या मुलानं लहान जाकू केला, आणि त्याचा चेहरा फ्रान्समधल्या घराघरांत ओळखीचा झाला. भुकेलेला आहे, पण त्याची कीव करायला हा चेहरा सांगत नाही. तो पाहतो आहे, लक्षात ठेवतो आहे. कुळाच्या घरातला अपमान मुलाच्या डोळ्यांतून दाखवायचा, हा निर्णय सहाही भागांना पेलून धरतो. बाप गोळी घालतो ती योग्य की अयोग्य, यावर लोरेन्झी शेरा मारत नाहीत. त्या गोळीपर्यंतची प्रत्येक पायरी ते आपल्याला चढायला लावतात. संपानंतर दीड वर्षाच्या आत, त्याच सरकारी वाहिनीवर, जाळपोळ करणारा शेतकरी देशाचा लाडका नायक झाला.

पुढचा काळ उताराचा, लोरेन्झींसाठी आणि त्यांच्या घराण्यासाठीही. ऑगस्ट 1974च्या कायद्यानं ओआरटीएफचे तुकडे झाले, वाहिन्यांना एकमेकींशी स्पर्धा करायला सांगण्यात आलं. बुत्त-शोमोंची माणसं जुनी, बोलकी, मास्तरी वळणाची ठरली. हा आरोप मी पूर्णपणे नाकारत नाही. लोरेन्झींच्या कामात लांब संवाद आहेत, वेग कमी आहे, कधीकधी पात्र आपला विचार गरजेपेक्षा नीट मांडतं. पण समोरचा प्रेक्षक समजूतदार आहे, त्याला तासभर एका युक्तिवादाचा माग काढता येतो, हे गृहीत धरून केलेलं ते काम आहे. त्या गृहीताचा मला मोह पडतो.

1975मध्ये त्यांनी दको यांच्या नाटकावरून रोझेनबर्ग दांपत्याची कहाणी केली. हेरगिरीच्या आरोपाखाली अमेरिकेनं 19 जून 1953 रोजी देहदंड दिलेलं ते जोडपं. आणि 1978मध्ये चार भागांत एमिल झोला. झोलांची भूमिका ज्याँ तोपार यांनी केली, आधार आर्मां लानू यांच्या चरित्राचा. लोरेन्झींनी कादंबरीकार झोलांपेक्षा ड्रेफस प्रकरणातल्या झोलांकडे मोर्चा वळवला. निर्दोष ज्यू कॅप्टनला देशद्रोही ठरवून काळ्या पाण्यावर पाठवलेलं आहे, लष्कर खोट्या कागदांवर ठाम आहे, आणि देशातला सर्वांत यशस्वी लेखक आपलं सगळं स्थैर्य पणाला लावून 13 जानेवारी 1898च्या ‘लोरोर’मध्ये राष्ट्राध्यक्षांना उद्देशून अनावृत पत्र लिहितो. त्यासाठी फेब्रुवारीत त्याच्यावर खटला चालतो. त्या खटल्यात न्यायाधीशांनी ड्रेफसच्या मूळ शिक्षेकडे नेणारा प्रत्येक प्रश्न अडवला. हा प्रश्न विचारता येणार नाही, हे त्यांचं वाक्य पॅरिसमध्ये चेष्टेचा विषय झालं होतं. झोलांना एक वर्षाची कैद आणि तीन हजार फ्रँक दंड झाला. ते इंग्लंडला निघून गेले.

ज्यांची मालिका बंद केली गेली होती, ते लोरेन्झी बारा वर्षांनी त्याच सार्वजनिक टेलिव्हिजनवर, अंतेन 2वर, झोलांचा हा लढा मांडत होते. तेव्हा ते सत्तावन्नाच्या घरात होते.